थोरली आणि धाकटी

टिक्. क्षमानं डब्याचं झाकण उघडलं, आणि निजलेल्या घरात तो आवाज केवढा तरी झाला. तिनं दाराकडे पाहिलं. हर्षिता झोपलेलीच होती.

डब्यात एकच अळी होती.

काल दोन होत्या. पाच वर्षांच्या हर्षितानं त्या गच्चीवरच्या टोमॅटोंतून काढल्या होत्या. थोरली आणि धाकटी अशी नावंही ठेवली होती. "एका टोमॅटोत एकच राहते ग, बिचारी," म्हणाली आणि दोघींना एका फोडीवर निजवलं. आता फोड जवळजवळ तशीच होती. थोरली तिच्यावर टम्म होऊन पडली होती. कोपऱ्यात तपकिरी डोक्याचं इवलंसं टरफल.

क्षमानं ते नखानं उचललं, सिंकमध्ये सोडलं, वर पाणी ओतलं. लेक सातला उठते. त्याआधी दुसरी अळी हवी.

ती अनवाणीच गच्चीवर धावली. पंधरा दिवस ती रोज सकाळी ह्याच बारा कुंड्यांतल्या अळ्या मारत होती. फळाला नेमकं गोल भोक, भोकाशी ओली घाण, अळी अर्धी आत, अर्धी बाहेर. दिसली की चिमटीत धरायची, साबणाच्या पाण्यात टाकायची. फुलांजवळच्या पानांवरची बारीक पांढरी अंडी पुसायची. किडकं फळ झाडावर ठेवायचं नाही. आज तिनं चांगली हिरवी फळंसुद्धा नखानं फोडून पाहिली. एकातही नाही. काम अगदी चोख झालं होतं.

"काय ग, मारून झाल्या, आता शोधतेस?" कॉफीचा लोटा घेऊन तिच्या सासूबाई, अक्का, वर आल्या होत्या.

"डब्यात एकच उरलीय, अक्का. हर्षिता उठायच्या आत दुसरी पाहिजे."

"खाल्ली असेल हिनं तिला. ह्या हुळांची, अळ्यांची जातच तसली."

"हळू! 'खाल्ली' हा शब्द तिच्यासमोर नको."

अक्कांचा लोटा ओठांशीच थांबला. सहा वर्षांपूर्वी, हर्षिताच्या वेळी, पहिल्या स्कॅनमध्ये दोन ठिपके दिसले होते, दुसऱ्यात एकच. डॉक्टर म्हणाल्या, होतं असं, कुणाचा दोष नसतो. अक्का म्हणाल्या, "एकानं दुसऱ्याला खाल्लं." पुन्हा कधी म्हणाल्या नाहीत. पण कधीतरी, कुणाच्या तरी तोंडून, हे लेकीच्या कानावर पडेल, ही भीती क्षमाच्या पोटात तेव्हापासून होती.

"आई!" हर्षिता जिन्यात उभी होती. हातात उघडा डबा. "धाकटी कुठंय?"

"गेली बघ. फुलपाखरू व्हायला."

"खोटं. आधी मातीत झोपावं लागतं. तूच सांगितलंस."

क्षमानं अक्कांकडे पाहिलं. अक्का खाली वाकून मिरचीच्या कुंडीतलं नसलेलं तण उपटत होत्या.

हर्षिता पायरीवर बसली. थोरलीच्या फुगलेल्या अंगाकडे बघत राहिली. आता रडेल, क्षमाला वाटलं. नाहीतर तो शब्द आपणच उच्चारेल. डबा काढून घ्यायला तिनं हात पुढे केला.

हर्षितानं डबा छातीशी धरला.

"आई, धाकटी हिच्या पोटात आहे ना? मग फुलपाखरं दोन निघतील?"