दाराबाहेर बुटांचे चार जोड

शुक्रवारच्या बाजारात जयदीपला एका जुन्या अमेरिकन पंक बँडची पहिली रेकॉर्ड मिळाली. कव्हरवर भिंतीला टेकून उभी चार पोरं. पायांत जाड काळे बूट, एकाची नाडी लाल.

कुवेतमधल्या सालमियातल्या फ्लॅटवर आल्या आल्या त्याने ती लावली. खिडकीच्या काचा थरथरल्या.

“बारीक कर रे, सई आत झोपलीय,” म्हणत मुक्ता कचरा टाकायला बाहेर गेली आणि तशीच परतली.

“कोण आलंय? दाराबाहेर बुटांचे चार जोड काढून ठेवलेत. एकाची नाडी लाल आहे.”

जयदीपने कव्हर उचललं. त्यावर आता नुसती भिंत होती.

रेकॉर्ड थांबली. आतून सईचा झोपाळलेला आवाज आला.

“आई, या अंकलना उठायला सांग ना. मला पाय पसरता येत नाहीयेत.”