घुमटाला टेकलेला शिंपी

शिंपी घुमटाला टेकला होता. पाठ वर, तोंड खाली, हात पोटावर जोडलेले. त्याच्या शेजारी आणखी सहा जण तसेच तरंगत होते आणि मठाचे महाराज खालून लांब काठीच्या झाडूने त्यांच्या अंगावरची जळमटं काढत होते. बारा वाजता घुमटाची झडप उघडायची होती. अनंतात जायचं तर निदान झटकून जावं.

पंथाचं म्हणणं सोपं होतं. माणसाला जडपणा येतो तो मायेनं. माया सुटली की माणूस हलका होतो, वर जातो, झडपेतून बाहेर पडतो आणि अनंतात मिसळतो. मागच्या वर्षी पाच जण मिसळले. त्यातले दोघे पुढे पलीकडच्या डोंगरावर एका झाडात अडकलेले सापडले, गारठून कडक झालेले. त्यांनाही मिसळलेलंच धरलं. महाराज स्वतः दोन माणसांच्या वजनाचे होते. व्यवस्था बघायला कुणीतरी खाली लागतंच, असं ते म्हणत.

झडप उघडण्याआधी घरच्यांना पाव तास मिळे. त्याला शेवटची हाक म्हणत. ओढायचं नाही, दोरी लावायची नाही, फक्त बोलायचं. ऐकूनही जो तसूभर खाली येत नाही, तो खरा. बाकी सहा जणांच्या घरच्यांनी हाका मारून झाल्या होत्या आणि ते रडत घरी गेले होते. आता शिंप्याची बायको घुमटाखाली उभी होती.

"अहो," ती म्हणाली, "आईंचं काही खरं नाही. वैद्य म्हणतात, चार दिवस काढतील. सारखं तुमचं नाव घेतात. एकदा तोंड दाखवा, मग जा कुठं जायचं ते."

शिंप्याच्या चेहऱ्यावर मंद हसू होतं. साधनेच्या सातव्या महिन्यात ते सगळ्यांनाच येतं.

"जन्म कुणाचा आणि आई कुणाची," तो वरून म्हणाला.

"वा!" महाराज म्हणाले.

"जन्म तुमचा आणि आई तुमची," बायको म्हणाली. "दोन दिवस लागले होते त्यांना. तुम्ही तेव्हाही असेच, हाक मारून येणाऱ्यातले नव्हतात."

शिंपी हसतच राहिला.

"बरं, मी? बारा वर्षं संसार केला तुमच्याशी."

"तू कोण?" त्यानं अगदी प्रेमानं विचारलं आणि आणखी बोटभर वर गेला. वर घुमट असल्यामुळे नुसताच चेपला.

"थोडाच वेळ राहिलाय, बाई," महाराज म्हणाले. "रडायचं असेल तर आत्ताच."

ती रडली नाही. वळली, दारापर्यंत गेली आणि तिथूनच म्हणाली, "जाऊ दे. दुकान भाऊजींनी उघडलंच आहे. तुमच्या मोठ्या कात्रीनं पुठ्ठे कापत बसतात."

शिंप्याचं हसू मावळलं.

"कुठल्या कात्रीनं?"

"मोठ्या. कापडाच्या."

"पुठ्ठे?"

"पुठ्ठे. काल थोडा पत्राही कापला."

पत्र्याचं खोटं होतं. पण तोवर शिंपी निघाला होता. उतरला म्हणता येणार नाही. विटांचं पोतं येतं तसा आला. महाराजांचा झाडू मोडला.

"धार गेली असेल!" शिंपी उठता उठता ओरडला. कोपर फुटलं होतं, डोळ्यांत पाणी होतं. "मी त्या कात्रीला कधी कागद लावू दिला नाही! कागद!"

आणि तो अनवाणीच धावत सुटला. बायको दारात उभी राहून बघत होती. कोपऱ्यावर तो डावीकडे वळला. दुकान डावीकडे होतं. घर उजवीकडे.

"सात महिने," महाराज मागून म्हणाले. "सात महिने घालवले या माणसावर. कशापायी गेला, तर कात्रीपायी!"

बटण निसटतं तसं तिच्या आत काहीतरी आवाज न करता निसटलं होतं. ती अजून रस्त्याकडेच बघत होती, आणि महाराज तिच्या पायांकडे. पाय जमिनीपासून चार बोटं वर होते.

महाराजांनी झाडूचा तुकडा टाकला आणि हात जोडले. "उपास नाही, ध्यान नाही, उभ्या उभ्या! या माते, आत या. एक जागा झालीच आहे."

खोटं कशाला, तिला बरं वाटत होतं. कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच कंबर दुखत नव्हती. ती गुडघाभर वर गेली, मग कंबरभर, आणि हलकेच घुमटाखाली आली. घंटा वाजू लागली. झडप करकरत उघडली आणि सहा सिद्ध पुरुष एकामागून एक बाहेर पडले. शेवटच्याचं डोकं चौकटीला आपटलं. त्यानं तेही हसून घेतलं.

"आता तुम्ही, माते," महाराज म्हणाले.

ती वर निळ्या चौकोनाकडे बघत होती. "किती वाजले?"

"बारा. अगदी मुहूर्त."

"अगंबाई. आईंची कूस बदलायची राहिली."

असं म्हणून ती खाली आली, धाडकन. पायाखालची फरशी आरपार दुभंगली. तिनं कंबरेवर हात ठेवला, लंगडत दाराबाहेर पडली आणि कोपऱ्यावर उजवीकडे वळली.

महाराज बराच वेळ खाली बघत राहिले.

"परवाच बसवली होती," ते म्हणाले. पण ऐकायला वर कुणी उरलं नव्हतं.