अण्णांची बस

घटस्फोटाची नोटीस ऋजुताच्या हातात पडली, त्याच दुपारी तिच्या फोनवर सूचना आली. तिच्या नवऱ्याने, उन्मेषने, फुटबॉलच्या गेममध्ये चषक जिंकला होता. तिला घराबाहेर काढताना त्याने गेम खेळायचा कन्सोल ठेवून घेतला होता, पण त्यातले सगळे गेम तिच्या खात्यावरच्या वर्गणीतून उघडत होते. तिने त्या कन्सोलवरून आपलं खातं काढून टाकलं आणि कित्येक महिन्यांनी पोटभर जेवली.

संध्याकाळी फोन आला तो सासऱ्यांचा.

"सूनबाई, माझी बस चालू होईना गं."

एसटीत एकतीस वर्षं ड्रायव्हर असलेले अण्णा पाय गेल्यापासून त्याच कन्सोलवर, गेममध्येच बस चालवत. रागाच्या भरात ऋजुताला त्यांची आठवणच राहिली नव्हती.

"मीच बंद केलंय, अण्णा. मला उन्मेषवर सूड उगवायचा होता."

"मग उगव की! पण माझी बस कशाला अडवतेस?"

ती बऱ्याच दिवसांनी खळखळून हसली. आपल्या वर्गणीत तिने अण्णांना जोडून घेतलं आणि त्यांच्या नावाचं वेगळं खातं उघडलं. पासवर्ड अण्णांनीच ठरवला.

तासाभरात उन्मेष फोनवर ओरडत होता. "माझे सगळे गेम बंद, आणि अण्णांचे चालू?"

"त्यांचा पासवर्ड त्यांच्याकडे माग."

मागून अण्णांचा आवाज आला. "आधी त्या पोरीची माफी माग, मग बघू. आणि बाजूला हो, मला समोरचा रस्ता दिसत नाही."