चाळीस हिरवे दिवे

फोनवर बोलता बोलता अप्पांचा आवाज थांबला. मागून आईचा हंबरडा ऐकू आला, तसा वृंदाने टेबलावरचा पहिला नग उचलला आणि बटण दाबलं.

कंपनीचं यंत्र माणसाला पाचच मिनिटं मागे नेई. विक्रीला जाण्याआधी प्रत्येक नग एकदा चालवून बघायचा, हे वृंदाचं काम. चाचणी झाली की नगावर हिरवा दिवा लागे, आणि वेळ मागे गेली तरी तो विझत नसे. मग तो फक्त गिऱ्हाइकाच्याच हातात चाले. आज टेबलावर चाळीस नग होते.

पाच मिनिटं मागे अप्पा विहिरीवरच्या पंपाची कटकट सांगत होते. "वॉशर गेलाय त्याचा. रविवारी येशील ना?"

पहिल्या दोन-तीन खेपांना तिने रडून डॉक्टरांना बोलवायला सांगितलं. पण गावात डॉक्टर पोचायला अर्धा तास लागे, आणि अप्पा घाबरून जात ते वेगळंच. मग तिने तो नाद सोडला. खऱ्या फोनवर ती म्हणाली होती, "बघते, सुट्टी मिळाली तर." आता दर खेपेला ती म्हणे, "येतेच अप्पा, सकाळच्या गाडीने." आणि दर खेपेला अप्पा नव्याने खूश होत. "मग आईला घावनं घालायला सांगतो," म्हणत आणि थांबत.

पेडणेकर साहेब फेरीवर आले. चाळीसही दिवे हिरवे.

"आत्ताच तर नग आणून ठेवले! पाच मिनिटांत सगळे झाले?"

"नीट मोजा ना साहेब," वृंदा म्हणाली. "एखादा राहिला असेल."