एकशे पाचांची यादी

तिसऱ्यांदा यादी वाचली, तरी नाव सापडलं नाही. अंजनाने बोट पुन्हा पहिल्या ओळीवर नेलं. कुणी गिरणीतला, कुणी शाळेत शिकणारा. संयुक्त महाराष्ट्रासाठी मुंबईत गोळ्या लागून गेलेली एकशे पाच माणसं. त्यांत कोंडिबा गव्हाणे नव्हता.

"दुसरं पुस्तक काढू का, बाई?" शिरूरच्या वाचनालयातले हौसराव कपाटाशी उभे होते. "मुंबईच्या इतिहासाची दोन फळ्या भरून हायेत."

"सगळी बघितली, मामा."

खरंच बघितली होती. एकात सात बेटं होती आणि पोर्तुगीज होते. दुसऱ्यात कापूस, गिरण्या, गोदी. तिसऱ्यात राज्य कसं झालं ते. दौंडच्या वाचनालयातली पुस्तकं तिने गेल्याच आठवड्यात चाळून संपवली होती.

"कोण व्हते तुमचे?"

"वडील."

हौसरावांनी चष्मा काढला. "मग छापायचं राहिलं असंल. पुस्तकं तरी काय, माणसंच लिवत्यात."

अंजना वरवंडच्या शाळेत शिकवत होती. ती तीन वर्षांची असताना आई साळूबाई तिला घेऊन मुंबईहून इथे माहेरी आली, ती इथलीच झाली. कोंडिबा मुंबईच्या गोळीबारात गेला, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं. अंजनाला फी कधी पडली नाही, ती हुतात्म्याची पोर म्हणून. आता शाळेच्या नव्या खोलीला कोंडिबाचं नाव द्यायचं ठरलं होतं. पाटी रंगवून तयार होती, फक्त खालची ओळ मोकळी होती.

"तारीख आन् जागा पायजे, बाई," सरपंच साहेबराव म्हणाले होते. "नुसतं मुंबईत गेले म्हनून कसं भागंल? एक मेला सभापती येनार हायेत. तुम्ही शिकलेल्या, पुस्तकातनं काढा."

न्हावऱ्यावरून येणाऱ्या एस.टी.त तिला जागा मिळाली, पण बसवेना. चौफुल्याला उतरून दुसऱ्या गाडीची वाट बघण्याऐवजी ती उन्हात चालत सुटली. घर दिसलं तेव्हा पायांची आग होत होती.

साळूबाई अंगणात मिरच्यांचे देठ खुडत बसली होती.

"आये, आबांचं नाव एकाही पुस्तकात नाही."

साळूबाईने मान वर केली नाही. "नसंल."

"असं कसं नसेल? नेमके कुठं होते ते? कुणी बघितलं त्यांना पडताना?"

"अंजे, पानी पी आदी."

"पाणी नको मला. सांग."

साळूबाईचे हात थांबले.

"पोलिसात व्हता तुजा बाप," ती म्हणाली. "गोदीत काम मिळालं न्हाई, तवा भरती झाला. गावाला कळवायचं राहूनच गेलं. छप्पन सालच्या जानेवारीत साहेबानं हुकूम दिला, समद्यांनी बार काढलं. समोर एक पोरगं पडलं. पंधरा-सोळाचं."

अंजना खाली बसली.

"घरी आला ते बोललाच न्हाई. मग एकच इचारायला लागला. साळू, ती गोळी माजी का शेजारच्याची? मी काय सांगनार? ताट म्होरं ठेवलं की ढकलायचा. शेवटाला पानी बी जाईना. शिमग्याच्या आदी गेला."

"आणि तू गावाला सांगितलंस..."

"मी न्हाई सांगितलं." साळूबाईने पहिल्यांदाच लेकीकडे पाहिलं. "कपाळ पुसून आले, तर लोकांनीच इचारलं, गोळीबारात गेला का? मी व्हय म्हनले. खोटं कुठं बोलले मी?"

अंजना उठली, दारापर्यंत गेली, परत आली. कोंबड्यांना उगाच हाकललं.

"पाटी लागू दे," साळूबाई म्हणाली. "अठरा वर्सं झाली. आता कुनाचं काय जातंय?"

त्यापुढचे चार दिवस अंजना वर्गात फळ्यावर एक लिहायची आणि तोंडाने दुसरंच बोलायची. साहेबराव दोनदा येऊन गेले. दोन्ही वेळा ती म्हणाली, "त्या दिवशी सांगते."

एक मेला सकाळी झेंडा चढला. सभापती आले होते. पाटीवर कापड टाकलेलं होतं, खालची ओळ अजून मोकळीच. साळूबाई बायकांत पुढे बसली होती, धुतलेलं लुगडं नेसून. साहेबरावांनी शाल आणि नारळ हातात घेतला आणि अंजनाला बोलायला उभं केलं.

तिने शिरूरहून आणलेलं पुस्तक उघडलं आणि यादी वाचायला सुरुवात केली. एकेक नाव, सावकाश. उन्हं चढत होती, पोरं चुळबुळत होती, तरी ती थांबली नाही. एकशे पाचावं नाव झालं आणि तिने पुस्तक मिटलं.

"आन् आपल्या कोंडिबाचं?" साहेबराव हळूच म्हणाले.

अंजनाने आईकडे पाहिलं. साळूबाईने डोक्यावरचा पदर नीट केला आणि मान हलवली. नको म्हणून की सांग म्हणून, ते अंजनाला कळलं नाही. तिने तोंड लोकांकडे वळवलं.

"माझे वडील या यादीत नाहीत," ती म्हणाली. "ते गोळ्या झाडणाऱ्या पोलिसांत होते, आणि ते त्यांना मरेपर्यंत पचलं नाही."