काखेतली गाठ

काखेतली गाठ हलकेच दाबून पाहत डॉक्टर सामंतांनी विचारलं, "काकू, घरात मांजर आहे का?"

"नाही," मालिनीताई म्हणाल्या. आधीच्या डॉक्टरांनाही त्यांनी हेच सांगितलं होतं. ताप उतरत नव्हता. क्षयाची तपासणी झाली, गाठीचा तुकडाही तपासून झाला, पण निदान काही होईना.

डॉक्टरांचं लक्ष त्यांच्या मनगटाकडे गेलं. "मग हे ओरखडे कशाचे? खरं सांगा, म्हणजे त्याप्रमाणे रक्त तपासता येईल."

मालिनीताईंनी पदर मनगटावर ओढून घेतला. मग खाली मान घालून म्हणाल्या, "सांगितलं, तर तिला कुठेतरी सोडून यायला लावाल."

रक्ताच्या तपासणीत बार्टोनेला या जिवाणूचा संसर्ग निघाला. मांजराच्या ओरखड्यातून होणारा.

"गोळ्यांनी बरं वाटेल," डॉक्टर म्हणाले. "मांजरीला राहू द्या घरातच. फक्त तिच्या पिसवांचा बंदोबस्त करा." औषधं लिहून देताना त्यांनी सहज विचारलं, "नाव काय तिचं?"

मालिनीताई गोंधळल्या. "नाव असं काही ठेवलं नाही," त्या म्हणाल्या. "घरात आम्ही दोघीच असतो. 'अगं' म्हटलं की ती येते."