कासवासाठी दोन थेंब

कासव मेलं होतं आणि लॉवेलला रडू येत नव्हतं.

कासव रबराचं होतं. हिरवळ कागदाची, आभाळ रंगवलेलं, आणि शेजारी गुडघे टेकून त्याच्या खांद्यावर हात ठेवणारे वडील त्या कामाचा पगार घेत होते. पण अश्रू मात्र खरे लागत. दर गुरुवारी संध्याकाळी निम्मी अमेरिका मांडीवर ताटं घेऊन टीव्हीवर हे कुटुंब बघायची आणि मग स्वतःच्या कुटुंबाकडे बघून उसासे टाकायची. एकदा डोळ्यांत ग्लिसरीन घालून झालं होतं. ‘पोरगं रडतंय असं वाटत नाही, नळ गळतोय असं वाटतं,’ असा शेरा साबण कंपनीच्या माणसानं मारला होता. मालिकेचा खर्च साबणातून निघत असल्यामुळे तो शेरा शेवटचा ठरला.

दिग्दर्शक क्रान्झ यांची एक जुनी पद्धत होती. कॅमेरा सुरू करण्याआधी ते मुलाला बाजूला घेत आणि कानात काहीतरी वाईट सांगत. लॉवेल पाच वर्षांचा असताना त्याचा कुत्रा दुधाच्या गाडीखाली गेला. मग आजी वारली. पुढच्या वर्षी ती पुन्हा वारली आणि थँक्सगिव्हिंगच्या सणाला घरी येऊन टर्की दोनदा मागून जेवली. आता लॉवेल दहाचा होता. आजीच्या तब्येतीबद्दल त्याला कसलीही काळजी उरली नव्हती.

क्रान्झनी डोकं खाजवलं. या पोराजवळ मालिकेशिवाय आहे तरी काय? खरे वडील दूर बेकर्सफील्डला पेट्रोल पंप चालवणारे, वर्षाकाठी एकदा भेटणारे. शाळा म्हणजे सेटमागची खोली, त्यात एक बाई आणि एक बाक. मालिका, एवढीच एक गोष्ट काढून घ्यायची राहिली होती.

त्यांनी त्याला पडद्यामागे नेलं आणि आवाज खाली आणला. “राजा, तुझ्यापासून लपवत नाही. मालिका बंद होतेय. आजचं शेवटचं. उद्यापासून तू आणि आई बेकर्सफील्डला, बाबांकडे.”

“आणि शाळा?” लॉवेलनं विचारलं. “खरी? मुलं असलेली?”

“मुलं असलेली,” क्रान्झ अतिशय दुःखानं म्हणाले. “बेसबॉलची टीमसुद्धा.”

लॉवेल परत येऊन कासवापाशी बसला तो वाढदिवसाच्या केकपाशी बसावं तसा. ओठ आवळून धरले तरी हसू कडेनं निसटत होतं. पगारी वडील म्हणाले की इतकं मजेतलं दफन त्यांनी आपला श्रीमंत मामा गेला त्यानंतर पाहिलं नव्हतं. दिव्यांमागे उभ्या असलेल्या लॉवेलच्या आईनं, व्हर्नेलबाईंनी, मालिकेबद्दलचं ते बोलणं ऐकलं होतं. त्या इतक्या मनापासून रडत होत्या की कॅमेरामन नकळत त्यांच्याकडे वळला.

क्रान्झनी हात टेकले. साबण कंपनीचा माणूस त्याच दिवशी मालिकेचा सही केलेला नवा करार घेऊन आला होता, म्हणजे आता खोटं बोलण्यातही अर्थ नव्हता.

“झालं, ऊठ,” ते वैतागून सगळ्यांसमोर म्हणाले. “थट्टा केली तुझी. मालिका कुठली बंद होतेय. आणखी पाच वर्षं चालणार आहे.”

लॉवेल उठला नाही. त्याची हनुवटी हलली. आधी एका डोळ्यातून, मग दोन्हीतून पाणी आलं आणि कासवावर टपटपलं. क्रान्झनी बोटानंच कॅमेऱ्याला खूण केली. पगारी वडिलांचा हात खांद्यावर जरा घट्ट झाला. तसं त्यांना कुणी सांगितलेलं नव्हतं.

“कट,” क्रान्झ हलकेच म्हणाले. कॅमेरा थांबला. लॉवेल थांबला नाही.

साबण कंपनीचा माणूस चष्मा काढून पुसू लागला. व्हर्नेलबाईंनी स्वतःचे डोळे टिपले आणि लेकाकडे कौतुकानं बघत त्या माणसाला म्हणाल्या, “आनंद झाला ना, की असाच रडतो बघा तो.”